ढिगावर बसलेला माणूस

“डॉक्टरबाई, सगळ्यात भयंकर वेडा दिसते कसा?”

प्रश्न माझा नव्हता, माझ्या शेजारी बसणाऱ्या द्वारकेचा होता. पण द्वारकेची छाती उंदराएवढी. तिनं आणि मागच्या बाकावरच्या दोघींनी ओंजळभर बोरांच्या बोलीवर तो माझ्या गळ्यात घातला. मागच्या वर्षी मी उभीसुद्धा राहिले नसते. यंदा मात्र तालुक्याच्या भाषणांत पहिली आल्यापासून मला कुणाचीच भीती वाटत नव्हती. सावली गावच्या शाळेत आमच्या वर्गात मुली पाचच, आणि तोंड असलेली मी एकटी.

देवस्थळेबाई नागपूरच्या वेड्यांच्या इस्पितळात डॉक्टर होत्या. आरोग्य सप्ताह होता, म्हणून त्यांना आमच्याकडे नखं आणि उवा यांवर बोलायला पाठवलं होतं. प्रश्न ऐकून हेडमास्तरांनी माझ्याकडे असं पाहिलं की बोरं घशातच अडकतील असं वाटलं. बाई मात्र हसल्या नाहीत. त्यांनी खडू खाली ठेवला.

“प्रश्न चुकीचा आहे, पण चांगला आहे,” त्या म्हणाल्या. “ज्याला भास होतात, जो स्वतःशी बोलतो, तो बहुतेक वेळा बिचारा घाबरलेला असतो. त्याला भ्यायचं काही कारण नाही. दुसराच एक प्रकार आहे. त्याची बुद्धी शाबूत असते. बोलणं असं की ऐकत राहावं. कायद्याच्या नजरेत तो शहाणाच. इंग्रजीत त्याला सायकोपॅथ म्हणतात. मराठीत मनोविकृत म्हणा, पण तो शब्द काही मला नीट बसत नाही.”

“मंग त्याचं बिघडलेलं काय असते?” एव्हाना बोरांचं मी विसरले होते.

“दुसऱ्याचं दुखणं त्याच्यापर्यंत पोचत नाही. आपण सगळेच खोटं बोलतो, कुणाला तरी दुखावतो. पण मग पोटात कुरतडतं. त्याच्या पोटात काही कुरतडत नाही. तो गरज नसतानाही खोटं बोलतो, पकडला गेला तर लाजत नाही, शिक्षा झाली तर तिच्यातून शिकत नाही. माणसं त्याला खुर्ची-टेबलासारखी. कामाची असली तर ठेवायची.”

“अन् ओळखाचं कसं?”

“एका गोष्टीवरून ओळखायचं नाही. एक खोटं पुरत नाही, एक खूनसुद्धा पुरत नाही. तो रडतो की नाही यावरून तर मुळीच नाही. लहानपणापासूनचं सगळं आयुष्य तपासावं लागतं. तेही त्याच्या तोंडून नाही, कारण तो फार सुरेख सांगतो. त्याच्यासोबत राहिलेल्यांना विचारावं लागतं. अमेरिकेतल्या डॉक्टरांनी दोन-तीन वर्षांपूर्वी नवी यादी काढली, तिच्यात या विकाराचं नावच बदलून टाकलं. आमचंच अजून एकमत नाही. तेव्हा घरी जाऊन कुणाच्या कपाळावर चिठ्ठी चिकटवू नका.”

मी घरी जाऊन कोरी वही काढली.

पहिलं नाव आमच्या मांजरीचं लिहिलं. तिचं निदान सोपं होतं. दुसरं इंग्रजीच्या सरांचं. तिसरं मायच्या मावसबहिणीचं, जी आमची पितळी पळी घेऊन गेली आणि चुलीची शपथ घेऊन नाही म्हणते. द्वारका म्हणाली, “माह्या होणाऱ्या सासूसाठी एक पान कोरं ठेवजो.” आठवडाभरात बारा नावं झाली. आमची कमळा, माझी मोठी बहीण, वही वाचून डोळ्यांत पाणी येईस्तोवर हसली.

तेरावं नाव सोमारीचं होतं, आणि ते लिहिताना मी हसत नव्हते.

सोमारी नदीपलीकडच्या जंगलातल्या गावची. दर आठवड्याला ती आमच्या गावी डिंक आणि मध घेऊन येई, आणि आमच्या ओट्यावर टोपली उतरवी. मार्गशीर्षात तिच्या नवऱ्याला, चैतूला, वाघानं मारलं. त्याच्या दुसऱ्याच आठवड्यात ती डिंक घेऊन आली. डोळे कोरडे, चेहरा दगडाचा. मायनं तिचा हात धरून चैतूचं नाव काढलं, तर तिनं हात सोडवून घेतला आणि म्हणाली, “बाई, नाव नको घेऊ. डिंक घेतं त सांग.” मी वहीत लिहिलं: सोमारी. नवरा मेला तरी रडत नाही. दुःख पोचत नाही. खाली दोन रेघा ओढल्या.

रडत होते ते गुणवंतराव.

गुणवंतराव हे लाकडाच्या ठेकेदाराचे दिवाणजी. नदीपलीकडच्या कुपावर, म्हणजे जंगलाच्या ज्या तुकड्यात त्या वर्षी तोड चालते तिथं, सगळी माणसं त्यांच्या हाताखाली. चैतूही त्यांच्याच तोडीवर होता. ते आमच्या घरात पहिल्यांदा आले तेच चैतूची खबर घेऊन. बाबा आमच्या गावच्या दवाखान्यात कंपाउंडर. डॉक्टर त्या दिवशी दौऱ्यावर होते. पाटलाला मरणाची चिठ्ठी पाहिजे होती. वाघानं मारलेल्याला गावात आणत नाहीत, आणि त्याच्या अंगाला कुणी हात लावत नाही. तिकडचा भुमक, म्हणजे त्यांचा पुजारी, लांबूनच सगळं करतो आणि जिथं पडला तिथंच अग्नी देतात. गुणवंतराव आले तोवर दिलाही होता. बाबांनी चिठ्ठी लिहिली, ‘वाघाने मारले’, आणि खाली सही केली, लटारू कंपाउंडर.

“माह्या मांडीवर जीव सोडला जी त्यानं,” गुणवंतराव म्हणाले, आणि उपरण्याच्या टोकानं आधी उजवा डोळा, मग डावा डोळा पुसला. मायनं पदर तोंडाला लावला. कमळानं पाणी आणून दिलं.

त्या पाण्यावरूनच पुढचं सगळं झालं. माणूस देखणा. बिजवर, पण मूलबाळ नाही. पहिल्या बायकोला साप चावला होता. मायशी बोलताना मायसारखे होत, बाबांशी बोलताना औषधांचं विचारत, मला ‘साळीबाई’, म्हणजे मेहुणी, म्हणून भाषण करायला लावत आणि टाळ्या वाजवत. माझ्या भाषणाला घरात टाळ्या वाजवणारा तो पहिला माणूस. पौषात साक्षगंध, म्हणजे साखरपुडा, झालं, वैशाखातलं लगन ठरलं. कमळा चालता चालता गुणगुणायला लागली होती.

महाशिवरात्रीला गुणवंतरावांनी आम्हा सगळ्यांना मार्कंड्याच्या जत्रेला नेलं. बैलगाडी दसरूची, चैतूच्याच गावचा म्हातारा. जंगलात एका वळणावर त्यानं गाडी थांबवली आणि न बोलता खाली उतरला. रस्त्याच्या कडेला दगडांचा आणि वाळक्या डहाळ्यांचा कमरेएवढा ढीग होता.

चैतू तिथंच पडला होता. वाघानं मारल्याच्या जागी जाणारा-येणारा प्रत्येक जण एक दगड नाहीतर एक हिरवी डहाळी टाकतो. बोलायचं नाही, टाकल्यावर मागं वळून पाहायचं नाही. दसरूनं डहाळी टाकली. बाबांनी दगड टाकला. मी दोन्ही हातांनी मोठा दगड उचलून ठेवला. कमळानं डोळे मिटून फुलं टाकली.

गुणवंतराव शेवटी आले. त्यांच्या बुटात खडा गेला होता. ते ढिगावर बसले.

बसले म्हणजे असे, जसं कुणी आपल्या ओट्यावर बसावं. बूट काढला, झटकला, परत घातला. मग खिशातून संत्रं काढलं. एक फोड माझ्याकडे केली. “घे ना साळीबाई, उपासाले चालते.” सालीचे तुकडे दगडांच्या फटींत पडत होते. दसरूनं बैलांची तोंडं दुसरीकडे वळवली आणि स्वतःही तिकडे तोंड करून उभा राहिला.

“अशा जागी बसू नये, जवाईबापू,” माय हळूच म्हणाली.

“काऊन? वाघ येते?” ते हसले. “मी आलो तेव्हा थंडा पडला होता बिचारा. आता काय उठून बसणार हाय?”

थंडा पडला होता. मग मांडीवर जीव कुणी सोडला?

गाडीत मी सारखं तेच मनात घोळवत बसले. माणूस शिकलेला, भूतबीत मानत नसेल, असं मनाला सांगितलं. आमचे इंग्रजीचे सरही मानत नाहीत. पण इंग्रजीचे सर कुणाच्या चितेच्या जागी बसून संत्रं खाणार नाहीत, आणि मी त्यांचं नाव मांजरीच्या खाली लिहून ठेवलं होतं.

पुढच्या आठवड्यात सोमारी आली तेव्हा मी तिला परसात नेलं. बाईंनी सांगितलं होतं, त्याच्या तोंडून नको, सोबतच्यांना विचारा. मी विचारलं, “सोमारी, तू रडत काऊन नाईस?”

तिनं टोपली खाली ठेवली.

“वाघानं नेलेल्याचं नाव घेऊन रडलं त तो वाघाच्या पाठीवर बसून दारात येते,” ती म्हणाली. “वर्षभर रडाचं नाई. घरात लेकरं हायेत. मी जंगलात जाऊन तोंडात पदर कोंबतो, पोरी. तुले काय दिसते?”

मला काहीच दिसलं नव्हतं. वहीतल्या त्या दोन रेघा आठवल्या.

“तू पाह्यलं त्याले?”

“बायकोनं पाहाचं नसते.” मग आवाज खाली आणून म्हणाली, “पाय पाह्यले. डहाळ्यायनं झाकलं होतं दिवाणजीनं, त्यातून. पायाले खरचटलंबी नव्हतं. वाघ अर्धा खाते, अर्धा दुसऱ्या दिवसासाठी ठेवते. अन् पंजा कुठीच नाई. वाळूचा नाला तिथी, उंदीर गेला त दिसते.”

“मंग बोलली काऊन नाई?”

“चिठ्ठी निघाली होती ना,” सोमारी म्हणाली. तिनं माझ्या बापाचं नाव घेतलं नाही. टोपली उचलून निघून गेली.

मी सोमारीचं पान फाडलं. पण वही तशीच ठेवली, आणि नव्या पानावर गुणवंतरावांचं नाव लिहिलं. खाली लिहीत गेले: मांडीवर मेला. थंडा पडला होता. स्वतःची आईही मांडीवर मेली असं मायला सांगितलं, उपरण्याचं तेच टोक, आधी उजवा डोळा.

चैत्रात ते मांडवाचे बांबू घेऊन आले. दुपारची वेळ. बाबा दवाखान्यात, माय चुलीपाशी, कमळा विहिरीवर. ओट्यावर बसून ते चाकूनं बांबूची फणी कोरत होते, कमळासाठी. एक एक दात केसाएवढा बारीक. मी खांबाला टेकून उभी राहिले. आता माझ्याशी कुणी पैज लावली नव्हती.

“भाऊजी, एक विचारू?”

“दोन विचार.”

“चैतूचं तुम्हाले वाईट वाटलं काय?”

“कोणाचं?”

ते सोंग नव्हतं. त्यांना खरंच आठवत नव्हतं. ज्याच्यासाठी आमच्या घरात तीनदा डोळे पुसले, त्याचं नाव त्यांच्या डोक्यात राहिलंच नव्हतं.

“अच्छा, तो.” चाकू चालू होता. “चांगला होता कामाले.”

“वाघानंच मारलं ना त्याले?”

त्यांनी मान वर केली. चेहऱ्यावर राग नव्हता, भीती नव्हती. गंमत होती. माझ्या भाषणाला टाळ्या वाजवताना असे तशी.

“वाघ लई आळशी जनावर, साळीबाई. आपली कामं आपल्यालेच करा लागते.” फणीवरचा भुसा फुंकला. “मोहाचं झाड तोड म्हटलं त नाई म्हणाला. आमची माय हाय म्हणे ते. चार माणसांसमोर नाई म्हणाला मले. अन् त्याचं पाहून बाकीच्यांनी कुऱ्हाडी खाली ठेवल्या. पंधरा दिवस मी काईच बोललो नाई. मंग एक दिवस म्हटलं, चाल, मोहोळ दाखव. झाडावर वर पाहून राह्यला होता तो. मागून एकच घाव लागला.”

फणीचा एक दात मोडला.

“हे पाह्य,” ते म्हणाले. “तुह्या नादात मोडली.” आणि त्यांचा चेहरा उतरला. खरोखर उतरला. फणी त्यांनी उलटसुलट करून पाहिली, मोडलेला दात जागेवर लावून पाहिला. इतक्या दिवसांत त्यांच्या तोंडावर मी पाहिलेलं ते एकच खरं दुःख.

“मी सांगीन,” मी म्हणाले.

“कोणाले? तुह्या बाबाले? चिठ्ठी त्यायचीच हाय. नोकरी जाईन त्यायची. ठाणेदाराले? सांग ना. मी म्हणीन, पोट्टी वहीत सगळ्याले वेडं ठरवते. कमळीनं सांगितलं मले. पहिलं नाव मांजरीचं हाय म्हणे.” ते हसले. तेवढ्यात कमळा घागर घेऊन आली, तर उठून त्यांनी तिच्या डोक्यावरची घागर उतरवून घेतली. “दमली असशीन,” म्हणाले. किती मायेनं म्हणाले.

त्या रात्री जेवले नाही. दुसऱ्या दिवशी शाळेतून देवस्थळेबाईंना पत्र लिहिलं. सगळं लिहिलं, आणि शेवटी विचारलं, हा तोच आहे ना? तुम्ही एक कागद लिहून द्या, मी ठाण्यात दाखवते.

सोळा दिवसांनी शाळेच्या पत्त्यावर उत्तर आलं. द्वारका शेजारी बसून नखं खात होती. बाईंनी लिहिलं होतं:

‘न पाहिलेल्या माणसाचं निदान मी करत नाही. तूही करू नकोस. तुझं पत्र वाचून मला काय वाटलं ते मुद्दाम लिहीत नाही, कारण तो कागद तुझ्या कामाचा नाही. कोर्टात निदानाचा उपयोग झालाच तर त्याच्या वकिलाला होईल. तो म्हणेल, बिचारा आजारी आहे. माणूस कसा आहे हा माझा प्रश्न. त्यानं काय केलं हा न्यायाधीशाचा. तुझ्याकडे फक्त एकच गोष्ट आहे जी दुसऱ्या कुणाकडे नाही: त्यानं जे शब्द उच्चारले ते तू ऐकलेस. ते जसेच्या तसे सांग. एकही शब्द वाढवू नकोस. तो कसा आहे हे विचारलं तर सांग, मला माहीत नाही. आणि बाळ, एकटी जाऊ नकोस.’

द्वारकेनं पत्र दोनदा वाचलं. “मी म्हटलं होतं वेड्याचं विचार,” ती म्हणाली, “असं थोडीच म्हटलं होतं.” आणि रडायला लागली.

घरी येऊन मी वही चुलीत घातली. मांजर, सर, मावशी, सगळे जळले. मग परसात जाऊन कमळाला सांगितलं. ती भांडी घासत होती. मला वाटलं ती मला मारेल. ती राख लावलेला हात तसाच धरून बसून राहिली.

“मले त्यायनं पहिल्या बायकोचं सांगितलं होतं,” ती म्हणाली. “साप चावला, अन् माह्या मांडीवर जीव सोडला. असंच. उपरण्यानं डोळे पुसले.”

“आधी उजवा?”

कमळानं भांड्यावरून पाणी ओतलं, परत ओतलं. “रुखमे,” ती म्हणाली, “तिची चिठ्ठी कोणी लिहिली असन वं?”

संध्याकाळी बाबा जेवायला बसले. माय वाढत होती. भिंतीला मांडवाचे बांबू टेकवलेले, लगनाला अकरा दिवस. मी पाटावर बसले नाही. भाषणाला उभी राहते तशी हात मागं बांधून उभी राहिले.

“बाबा, माय. उद्या मी शाळेत नाई जाणार, ठाण्यात जाणार हाय. गुणवंतरावांनी चैतूले मारलं असं मले ओट्यावर स्वतःच्या तोंडानं सांगितलं. मी तेवढंच सांगीन, जसं ऐकलं तसं. त्यायले वेडा म्हणणार नाई. बाबा, तुमची चिठ्ठी न पाह्यता लिहिलेली हाय, तेबी सांगा लागन. तुम्ही सोबत आले त तुमच्या तोंडानं सांगा. नाई आले त मी सांगतो. सोमारी आज डिंक घेऊन आली होती, पायाचं सांगाले ती उद्या नाक्यावर उभी राहणार हाय. अन् कमळी माह्यासोबत येऊन राह्यली.”